ध्रुवीय डायरी वाचताना आधी पोट, मग मन

ध्रुवीय मोहिमा, मानसशास्त्र, उत्तरेकडच्या जंगलातलं जगणं असं सगळं एकदम वाचायला काढलं की उशाशी चळत वाढते, हाती मात्र फारसं लागत नाही. त्यापेक्षा एकच हिवाळा धरा आणि त्याच्याभोवती वाचा. सुरुवातीला ‘बेल्जिका’चा बरा. हे जहाज मार्च १८९८ मध्ये अंटार्क्टिकाजवळच्या बर्फात अडकलं ते वर्षभरानं सुटलं. मधे सुमारे ७० दिवस सूर्य उगवलाच नाही.

वहीत चार रकाने आखा: तारीख, काय खाल्लं, उजेड-तापमान-शेगडी, मनःस्थिती. चौथ्या रकान्यात डायरी लिहिणाऱ्याचेच शब्द उतरवा. तिथे स्वतःहून ‘नैराश्य’ लिहिलंत की पुढची सगळी पानं त्याच चष्म्यातून वाचली जातात. नोंदीला दोन ओळी पुष्कळ.

मोजमापं तिथल्या तिथे बदलून घ्या. उणे ४० ला फॅरनहाइट आणि सेल्सिअस एकच, पण उणे ७० फॅरनहाइट म्हणजे उणे ५७ सेल्सिअस. दक्षिण ध्रुव गाठणाऱ्या ब्रिटिश रॉबर्ट स्कॉटच्या डायरीतला मैल बहुतेक ठिकाणी भौगोलिक, म्हणजे १.८५ किलोमीटरचा, साधा १.६ चा धरलात तर रोजच्या वाटचालीचा हिशेब चुकतो. औंस २८ ग्रॅमचा. ध्रुवाच्या पठारावर स्कॉटच्या माणसाला दिवसाला १६ औंस बिस्किटं आणि १२ औंस पेमिकन (सुकं मांस आणि चरबीचा गोळा), वर थोडं लोणी, साखर, कोको, चहा. सगळं मिळून किलोभरही नाही, आणि स्लेज ओढायची स्वतःच.

वाचकाची नेहमीची चूक पुढे होते: सगळं खापर अंधारावर आणि एकांतावर फोडायचं. ‘बेल्जिका’वर माणसं सुस्त आणि उदास झाली, त्यात स्कर्व्हीचा (क जीवनसत्त्वाच्या अभावानं होणाऱ्या आजाराचा) मोठा वाटा होता. क जीवनसत्त्वाचा शोध अजून तीसेक वर्षं लांब होता, त्यामुळे डायरीत तो शब्द सापडणार नाही. दुसऱ्या रकान्यात पाहावं लागेल. डॉक्टर फ्रेडरिक कूकनं सील-पेंग्विनचं ताजं मांस खायला लावलं आणि आजाऱ्यांना कपडे उतरवून शेगडीपुढे बसवलं. कप्तान द जेर्लाशला त्या मांसाची शिसारी होती. कुणी ते कधी खाल्लं आणि त्यानंतरच्या नोंदींचा सूर कसा बदलला, हे तारखेनिशी लावून पाहा.

दुसरं उदाहरण अमेरिकी ध्रुवसंशोधक रिचर्ड बर्डचं. १९३४ चा हिवाळा त्यानं अंटार्क्टिकावरच्या एका खोपटात एकट्यानं काढला. खचलेपणाच्या नोंदी एकांताचा परिणाम म्हणून वाचल्या तर अर्धी गोष्ट निसटते, कारण शेगडी आणि जनित्राच्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड त्याला विषासारखा भिनत होता. तिसरा रकाना आहे तो यासाठी. उत्तरेकडच्या बर्फाळ जंगलात फासे लावून शिकार करणाऱ्यांचं वाचताना चरबीकडे लक्ष ठेवा: नुसत्या सशाच्या मांसावर माणूस पोटभर खाऊनही खंगतो.

मानसशास्त्र यानंतर घ्या, आधी नाही. सुरुवातीला अमेरिकेतल्या मिनेसोटा विद्यापीठाचा उपासमार-प्रयोग (१९४४-४५): ३६ स्वयंसेवक, २४ आठवडे अर्धपोटी. चिडचिड, उदासी, दिवसभर अन्नाचाच विचार. आता स्कॉटच्या डायरीतली जेवणाची स्वप्नं पुन्हा काढा.

शोधनिबंधात निष्कर्षाआधी माणसं मोजा. ध्रुवीय तळावर हिवाळ्यात मोजकेच लोक असतात, तेही निवडून पाठवलेले, आणि उत्तरं बहुधा स्वतःच प्रश्नावलीत भरलेली. मुक्कामाचा तिसरा चतुर्थांश सर्वांत जड जातो ही १९९१ ची कल्पना फार आवडीनं सांगितली जाते, पण नंतरच्या काही अभ्यासांत ती दिसली, काहींत नाही. आपल्या वहीत ताडून पाहा: ‘बेल्जिका’चे वाईट दिवस अंधाराशी आणि ताटाशी जुळतात की मुक्कामाच्या टप्प्याशी?

मग अंटार्क्टिकावरच्या भारतीयांच्या ‘मैत्री’ तळाकडे वळा. १९८९ पासून तिथेही लोक हिवाळा काढतात, पण ताटात डाळ-भात आणि छताला दिवे. म्हणजे दुसरा आणि तिसरा रकाना बराचसा सुधारलेला. तिथेही चौथ्या रकान्यात जे उरतं, ते मनाच्या खात्यावर मांडायला हरकत नाही.