तलावाकाठचे पडीक पंपघर आणि काटेरी कुंपण कसे हटवावे

सिरपूर आणि यशवंत सागर हे इंदूरचे दोन्ही तलाव 2022 साली रामसर यादीत, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या यादीत आले. अशा पाणथळ जागी वापरात नसलेले बांधकाम काढण्याची इच्छा असलेल्या आपल्या मराठी मंडळांच्या गटांनी, हेतू कितीही चांगला असला, तरी जमिनीच्या मालकाची आणि संबंधित विभागाची लेखी परवानगी हाती आल्याखेरीज एकही खिळा उपटू नये. वीजजोडणी तोडल्याची खात्री वीज कंपनीकडूनच करून घ्यावी.

काम केव्हा करायचे, हा प्रश्न सर्वांत नाजूक आहे. पावसाळ्यात माळव्याची काळी माती गाडीच्या चाकांखाली चेपते, हिवाळ्यात पाहुणे पक्षी उतरलेले असतात आणि सारसाची वीण पावसाळ्यातली असते. म्हणून एप्रिल-मे त्यातल्या त्यात बरा, मात्र तेव्हा टिटवी उघड्या जमिनीवर खड्यांसारखी दिसणारी अंडी घालते, त्यामुळे पाऊल टाकण्यापूर्वी रोज जमीन पाहून घ्यावी. पंपघरातून संध्याकाळी वटवाघळे किंवा गव्हाणी घुबड बाहेर पडते का, हेही लागोपाठ काही दिवस पाहावे. तसे असेल, तर ते बांधकाम तसेच राहू द्यावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

ताणलेली काटेरी तार मधोमध कधीही तोडू नये, कारण ती चाबकासारखी उलटते. जाड हातमोजे आणि चष्मा घालून, खांबाच्या आडोशाला उभे राहून, ताण सैल करत खांबाजवळच कटर चालवावा व लगेच भेंडोळे करावे. गवतात पडलेले तुकडे लोहचुंबकाने वेचावेत, कारण इवलासा काटाही गुरांच्या पोटात जातो. झाडाच्या खोडात रुतलेली तार ओढू नये. दोन्ही बाजूंनी कापून मधला तुकडा तिथेच सोडावा. काँक्रीटचा पाया मुळांनी वेढला असेल, तर तोही हलवू नये.

छतावर अॅस्बेस्टॉसचे पत्रे असल्यास स्वयंसेवकांनी त्यांना हात लावू नये. ते न फोडता, ओले करून उतरवणे आणि घातक कचरा केंद्रात पोहोचवणे हे प्रशिक्षित माणसांचे काम आहे. उघडी कूपनलिका मात्र तळापासून जमिनीपर्यंत माती-दगडांनी भरलीच पाहिजे. सर्वोच्च न्यायालयाचे 2010 चे निर्देशही तसेच आहेत.

खड्डे तिथल्याच मातीने बुजवावेत. उकरलेल्या जागी घाणेरी आणि गाजरगवत पटकन माजते, म्हणून पहिल्या पावसानंतर परत जाऊन रोपटी मुळासकट उपटावीत आणि धुपेने वर आलेले तारेचे तुकडे गोळा करावेत.