शॅन्टरेल मशरूम पाणचट होतंय? तेल नंतर घाला

शॅन्टरेल, म्हणजे ती पिवळीधमक, तुतारीच्या तोंडासारखी दिसणारी जंगली अळंबी, डायरेक्ट तेलात टाकली की एवढं पाणी सोडते की परतायच्या ऐवजी उकडूनच निघते आणि मग खाताना रबर चावल्यासारखं.

१. खालच्या शिरांमधली माती जुन्या कोरड्या टूथब्रशने झाडा. फारच मातकट असेल तर नळाखाली पटकन धुवून कापडावर पसरा, भिजत घालू नका.
२. हाताने उभी फाडा.
३. पॅन गरम करून तेल न घालताच टाका, चिमूटभर मीठ, मध्यम आच. पाणी सुटून बुडबुडे येतील, येऊ द्या. ते आटलं की आवाज बदलतो, बुडबुड थांबून चरचर सुरू होते, तेव्हा बटर घाला आणि कडा लालसर होईपर्यंत परता.

उरलेली अशीच परतून फ्रीझरमध्ये ठेवा, कच्ची ठेवली तर कडवट होते.

फक्त एक, जॅक-ओ-लँटर्न नावाचं विषारी मशरूम हिच्यासारखंच दिसतं, पण ते लाकडावर झुपक्याने उगवतं, आतून पण केशरी असतं आणि खाली पातळ धारदार पडदे असतात. शॅन्टरेल आतून पांढरट, शिरा बोथट. जाणकाराला दाखवल्याशिवाय पॅनमध्ये टाकूच नका.