जुन्या शैक्षणिक फिल्मचं विडंबन करताय? या चुका टाळा

सगळ्यात मोठी चूक निवेदकाची असते. आवाजात हसू डोकावलं की प्रेक्षक हसायचा थांबतो. १९४०-५० च्या दशकांत अमेरिकेतल्या कोरोनेट कंपनीने शाळांसाठी फिल्म काढल्या. लोकप्रिय कसं व्हावं, डेटवर कसं वागावं, हे त्या गणिताच्या तासासारखं शिकवत आणि सुरुवातीच्या पाटीवर सल्लागार प्राध्यापकाचं नाव झळकत असे. तो ठामपणा जसाच्या तसा उचला. बीबीसीच्या २००२ च्या 'लुक अराउंड यू' मालिकेत निवेदक धादांत खोटं विज्ञान सांगतो, पण सूर शाळेतल्या मास्तरांचाच. म्हणून ती मला या प्रकारातली सर्वोत्तम वाटते.

दुसरी चूक म्हणजे नुसतं 'जुनं' काहीतरी करणं. कोणत्या काळाची, कोणत्या संस्थेची नक्कल करताय ते आधी ठरवा. १९४८ साली सुरू झालेल्या आपल्या फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट थिएटरात मुख्य सिनेमाआधी दाखवत. एकाच माहितीपटाचं निवेदन अनेक भारतीय भाषांत होत असल्याने निवेदकावरच सगळी भिस्त असे. त्या आवाजाखाली अमेरिकन दिवाणखाना आला की दोन्ही बिघडतं.

आता फिल्टर, म्हणजे चित्र जुनं दिसावं म्हणून वर चढवायचे इफेक्ट. ओरखडे चौफेर टाकू नका. फिल्म प्रोजेक्टरमधून उभी सरकते, त्यामुळे ओरखडाही उभा पडतो आणि बऱ्याच फ्रेमभर टिकतो. धुळीचा ठिपका मात्र एका फ्रेमपुरता दिसतो. रिळाची दोन टोकं सर्वात जास्त हाताळली जातात, तेव्हा घाण तिथे वाढवा, मध्ये चित्र स्वच्छ ठेवा. लालसर रंगही सरसकट चढवू नका. ईस्टमनकलर या रंगीत फिल्मच्या जुन्या प्रिंटमधला निळसर रंग उडाल्यामुळे ती लाली येते. कोडॅक्रोम या दुसऱ्या रंगीत फिल्मचे रंग मात्र अजून टवटवीत असतात. आणि काउंटडाउन! साठच्या दशकापासूनच्या लीडरवर, म्हणजे फिल्मच्या सुरुवातीला जोडलेल्या पट्टीवर, आकडे ८ पासून २ पर्यंतच येतात, २ वर 'बीप' वाजतो, पुढे काळा पडदा. १ दाखवलात की जाणकार लगेच ओळखतो.

आवाज फार स्वच्छ वाटतोय? १६ मिमी रुंदीच्या फिल्मच्या ऑप्टिकल ट्रॅकवर (कडेच्या आवाजाच्या पट्टीवर) वरच्या पट्टीचे स्वर फारसे उमटत नसत, म्हणून ५-६ किलोहर्ट्झच्या वरचं कापा. एवढं पुरतं, वेगळी खरखर शक्यतो नकोच.

लांबी हाताबाहेर जात असेल तर लक्षात ठेवा, १६ मिमीचं ४०० फुटांचं रीळ साधारण ११ मिनिटं चालतं. विडंबनाला त्याच्या निम्मा वेळही भरपूर झाला.