हॅचबॅकला खरे ॲव्हरेज किती पडते आणि ते कसे वाढवावे

नवी हॅचबॅक घेतल्यावर पहिल्या दोन-तीन टाक्या संपेपर्यंत बहुतेकांचा हिरमोड होतो, कारण माहितीपत्रकात छापलेले ॲव्हरेज आणि प्रत्यक्षात पडणारे ॲव्हरेज यांत चांगलीच तफावत निघते. मग कंपनीने फसवले, असा निष्कर्ष घाईने काढला जातो. छापील आकडा सहसा खोटा नसतो. तो एका ठरावीक चाचणीतून आलेला असतो आणि ती चाचणी आपल्या रोजच्या फेरीसारखी नसते. चाचणीत गाडी रस्त्यावर नव्हे, तर प्रयोगशाळेत रोलरवर धावते, एसी बंद असतो, खोलीचे तापमान ठरलेले असते आणि कोणत्या सेकंदाला किती वेग असावा हेसुद्धा आधीच ठरलेले असते. युरोपात अनेक वर्षे वापरात असलेली ‘एनईडीसी’ चाचणी सुमारे ११ किलोमीटर अंतराची आणि जेमतेम २० मिनिटांची होती. २०१७ पासून तिची जागा घेणारी ‘डब्ल्यूएलटीपी’ चाचणी ३० मिनिटांत सुमारे २३ किलोमीटर चालते आणि तीत वेग ताशी १३० किलोमीटरपर्यंत जातो, त्यामुळे ती वास्तवाच्या अधिक जवळ आहे. तरी समोरचा वारा, चढ, खड्डे आणि भर उन्हात तापलेली केबिन तिच्यातही नसते. म्हणून छापील आकडा दोन गाड्यांची आपसांत तुलना करण्यापुरता वापरावा, स्वतःचा खर्च काढण्यासाठी नाही.

एकच गाडी, एकच चालक आणि तीच टाकी असूनही तीन किलोमीटरच्या फेऱ्यांत ॲव्हरेज १० पडते आणि मोकळ्या रस्त्यावर २० पडते. तेव्हा ‘गाडी किती ॲव्हरेज देते’ यापेक्षा ‘माझ्या कोणत्या किलोमीटरवर सर्वाधिक इंधन जाते’ हा प्रश्न जास्त उपयोगाचा आहे आणि पुढचे सगळे विवेचन त्याच प्रश्नाभोवती आहे.

मोजणी आधी, उपाय नंतर

डॅशबोर्डवर दिसणारे ॲव्हरेज हे इंजिनाला किती इंधन दिले गेले याच्या अंदाजावरून काढलेले असते आणि ते बहुधा थोडे चढेच असते. विश्वासाची पद्धत जुनीच आहे: टाकी फुल ते टाकी फुल. टाकी भरताना नोझल पहिल्यांदा आपोआप बंद पडले की तिथेच थांबावे आणि ओडोमीटरचा आकडा लिहून ठेवावा. राउंड फिगर करण्यासाठी आणखी इंधन ओतून घेऊ नये. त्यामुळे मोजणी बिघडतेच, शिवाय टाकीतली वाफ शोषून घेणाऱ्या कोळशाच्या डब्यात पेट्रोल शिरून तो निकामी होऊ शकतो. पुढच्या वेळी शक्यतो त्याच पंपावर, त्याच मशीनवर टाकी पुन्हा तशीच भरावी आणि मधल्या किलोमीटरना भरलेल्या लिटरनी भागावे.

समजा, ओडोमीटर १२,४८० वरून १२,९१७ वर गेला आणि २८.४ लिटर पेट्रोल बसले. ४३७ किलोमीटर भागिले २८.४ म्हणजे १५.४ हे ॲव्हरेज झाले. नोझल दर वेळी अगदी त्याच पातळीला बंद पडत नाही. त्यात एका लिटरचा फरक पडला, तर खरा आकडा १४.९ ते १६ यांच्या दरम्यान कुठेही असू शकतो. हीच मोजणी फक्त १० लिटरवर केली, तर एका लिटरच्या फरकाने आकडा १४ वरून १७ वर जातो, म्हणजे मोजणीला काही अर्थच उरत नाही. म्हणून टाकी निदान पाऊण रिकामी झाल्याशिवाय हिशोब करू नये आणि एका टाकीवरून मत बनवू नये, तीन टाक्यांची बेरीज घ्यावी. इथे आणखी एक चूक सर्रास होते, ती म्हणजे ॲव्हरेजचे ॲव्हरेज काढणे. २०० किलोमीटर २० च्या दराने आणि २०० किलोमीटर १० च्या दराने गेले, तर उत्तर १५ येत नाही. एकूण ४०० किलोमीटरना ३० लिटर लागले, म्हणजे १३.३.

जमल्यास वहीत आणखी एक रकाना आखावा: १०० किलोमीटरना किती लिटर. हा आकडा आपल्या अंगवळणी नाही, पण डोळे उघडणारा आहे. ॲव्हरेज १० वरून १२ वर नेले, तर १०० किलोमीटरमागे १.६७ लिटर वाचतात. २० वरून २२ वर नेले, तर अर्धा लिटरही वाचत नाही. वाढ दोन्हीकडे दोनचीच आहे, पण बचत साडेतीन पटींहून जास्त वेगळी आहे. लांबच्या प्रवासात आधीच चांगले पडणारे ॲव्हरेज आणखी ताणत बसण्यापेक्षा रोजच्या रखडणाऱ्या फेऱ्या सुधारणे का महत्त्वाचे, ते या हिशोबावरून कळते.

लिटर जातो कुठे

एक लिटर पेट्रोलमध्ये सुमारे ३२ मेगाजूल ऊर्जा असते आणि शहरातल्या वाहतुकीत तिच्यातला साधारण पाचवा हिस्साच चाकांपर्यंत पोचतो, असे धरून चालावे. बाकीची उष्णता होऊन रेडिएटर आणि सायलेन्सरमधून निघून जाते. आता माणसांसह ११०० किलो वजनाची हॅचबॅक ताशी ५० किलोमीटरच्या वेगाला आणली, तर तिच्यात सुमारे १०६ किलोजूल गतिज ऊर्जा साठते. तेवढी ऊर्जा देण्यासाठी सुमारे साडेसोळा मिलिलिटर पेट्रोल जळते, म्हणजे चहाचे तीन चमचे. ब्रेक दाबला की हे तिन्ही चमचे ब्रेकच्या डिस्क तापवण्यात खर्ची पडतात. असे साठ वेळा झाले की एक लिटर संपला. वेग ७० असेल, तर तोच ब्रेक दुप्पट महाग पडतो, कारण ही ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते.

मोकळ्या रस्त्यावर हिशोब बदलतो. टायरचा विरोध वेगाबरोबर फारसा बदलत नाही, हवेचा विरोध मात्र वेगाच्या वर्गाने वाढतो. साधारण हॅचबॅकमध्ये ताशी ६० च्या आसपास हे दोन्ही विरोध बरोबरीला येतात आणि त्यापुढे हवेचाच वरचष्मा असतो. ८० वरून १२० वर गेल्यास हवेचा विरोध सव्वादोन पट आणि एकूण विरोध सुमारे पावणेदोन पट होतो. जास्त भाराखाली इंजिन थोडे अधिक कार्यक्षमतेने चालते, म्हणून इंधन अगदी त्याच प्रमाणात वाढत नाही, तरी वाढ जाणवण्याइतकी असतेच. शंभर किलोमीटर अंतर १०० च्या वेगाने एका तासात कापले जाते आणि १२० च्या वेगाने पन्नास मिनिटांत. त्या दहा मिनिटांसाठी किती इंधन द्यायचे, ते ज्याने त्याने ठरवावे.

तिसरी गळती थंड इंजिनाची. सुरू झाल्यावर काही मिनिटे इंजिन गरजेपेक्षा जास्त इंधन घेते, ऑइल घट्ट असते, गिअरबॉक्सही थंड असतो. तीन किलोमीटरच्या फेरीत इंजिन पुरते तापायच्या आत ती फेरीच संपते. सकाळी एक, दुपारी एक आणि संध्याकाळी एक अशी तीन सुटी कामे एका खेपेत उरकली, तर जी बचत होते, ती इंधनात मिसळायच्या कोणत्याही ॲडिटिव्हच्या बाटलीतून मिळणार नाही. गाडी जागेवर उभी करून इंजिन गरम करत बसणेही चूक आहे. सुरू केल्यावर काही सेकंदांत निघावे आणि पहिले दोन-तीन किलोमीटर इंजिन फार न ताणता चालवावे.

पायाची सवय

सर्वांत मोठी बचत उजव्या पायात आहे, पण ती गाडी रडतखडत चालवण्यात नाही. वेग घेताना ॲक्सिलरेटर मध्यम दाबावा आणि पेट्रोल गाडीत साधारण २००० ते २५०० आरपीएमच्या (इंजिनाच्या मिनिटाला होणाऱ्या फेऱ्यांच्या) दरम्यान वरचा गिअर टाकावा. कमी आरपीएमवर आणि थोड्या जास्त भारावर पेट्रोल इंजिनाला हवा ओढण्याचे कष्ट कमी पडतात, कारण इंजिनात हवा सोडणारी थ्रॉटलची झडप जास्त उघडी असते. त्याउलट उंच आरपीएमवर अर्धवट मिटलेल्या झडपेतून हवा ओढताना इंधन विनाकारण जाते. मात्र गाडी धडधडू लागली, किंवा ॲक्सिलरेटर दाबूनही पिकअप येईना, तर खालचा गिअर टाकावा. तशीच रेटल्यास इंजिनावर ताण येतो. क्लचवर पाय ठेवून चालवण्याची किंवा चढावर हाफ क्लचवर गाडी तोलून धरण्याची सवय असेल, तर ती क्लच प्लेटसाठीही सोडावी.

त्याहून महत्त्वाचे म्हणजे नजर लांब ठेवणे. समोरच्या गाडीऐवजी तिच्याही पुढच्या दोन-तीन गाड्यांचे ब्रेकलाइट पाहावेत. पुढे सिग्नल लाल दिसला की लगेच ॲक्सिलरेटरवरून पाय काढावा आणि गाडी गिअरमध्येच राहू द्यावी. इंजेक्शन असलेल्या आजच्या इंजिनात पाय काढल्यावर चाकेच इंजिनाला फिरवतात आणि इंजेक्टर इंधन देणे पूर्ण बंद करतात. आरपीएम आयडलिंगच्या जवळ येईपर्यंत वापर शून्य असतो. तत्काळ वापर दाखवणारा पट्टा डॅशबोर्डवर असेल, तर तो त्या क्षणी टोकाला गेलेला दिसतो. नंतर क्लच दाबून हलकेच थांबावे. अनेकदा गाडी सिग्नलपाशी पोचेपर्यंत तो हिरवा होतो, गाडी ताशी २० च्या वेगात असतानाच पुढे निघते आणि चमचे वाचतात.

उतारावर गाडी न्यूट्रल करण्याचा सल्ला आजही दिला जातो, तो इंजेक्शनच्या आधीच्या, कार्ब्युरेटरच्या काळातला आहे. न्यूट्रलमध्ये इंजिनाला आयडलिंगसाठी इंधन लागतेच, शिवाय इंजिन ब्रेकिंग जाऊन सगळा भार ब्रेकवर येतो आणि लांब उतारावर ते तापून निकामी होऊ शकतात. उतारावर इंजिन बंद करणे तर जिवाशी खेळ आहे: ब्रेकला जोर देणारा बूस्टर आणि पॉवर स्टिअरिंग दोन्ही साथ सोडतात.

उभ्या गाडीत लहान पेट्रोल इंजिन तासाला साधारण ०.६ ते ०.८ लिटर पिते आणि एसी चालू असेल तर त्याहून जास्त. दहा मिनिटे वाट पाहण्यात १०० मिलिलिटरहून अधिक जाते आणि या काळात किलोमीटर एकही पडत नाही. अर्ध्या मिनिटापेक्षा जास्त थांबायचे असेल आणि तसे करणे सुरक्षित असेल, तर इंजिन बंद करावे. पुन्हा सुरू करताना फार इंधन लागते, हा समज आता लागू पडत नाही.

एसी, हवा आणि वजन

उन्हात उभी केलेली गाडी सुरू केल्यावर आधी काचा खाली करून आतली गरम हवा जाऊ द्यावी, मग एसी लावून तो रिसर्क्युलेशनवर, म्हणजे आतलीच हवा फिरवत ठेवावा. संथ रहदारीत एसीचा भार जास्त जाणवतो, कारण मुळात इंजिन कमीच काम करत असते. मोठ्या वेगात काचा उघड्या ठेवल्यास हवेचा विरोध वाढतो, तेव्हा तिथे एसी लावण्यात संकोच नको.

टायरमधली हवा महिन्यातून एकदा, गाडी चालवण्याआधी, टायर थंड असताना पाहावी. योग्य आकडा चालकाच्या दाराच्या चौकटीवरील स्टिकरवर असतो. टायरच्या बाजूवर छापलेला आकडा कमाल मर्यादेचा असतो, तो वापरू नये. चारही टायरमध्ये १ पीएसआय (हवेचा दाब मोजण्याचे एकक) हवा कमी झाल्यास इंधन सुमारे ०.२ टक्के जास्त लागते. हे थोडे वाटते, पण महिनोन्‌महिने हवा न पाहिलेल्या टायरमध्ये ८-१० पीएसआयची तूट सहज निघते आणि टायर कडेने झिजतो तो वेगळाच. डिकीत वर्षानुवर्षे पडून असलेले सामान काढावे आणि रिकामा रूफ कॅरिअर उतरवून ठेवावा. कंपनीने दिलेल्यापेक्षा रुंद टायर आणि मोठी अलॉय व्हील शोभून दिसतात, पण त्यांची किंमत ॲव्हरेजमधून चुकती होते.

इंधनातल्या इथेनॉलचे प्रमाणही लक्षात घ्यावे. इथेनॉलमध्ये दर लिटरला पेट्रोलच्या सुमारे दोन-तृतीयांश ऊर्जा असते, त्यामुळे २० टक्के मिश्रणात एकूण ऊर्जा ६ ते ७ टक्क्यांनी घटते. ही घट चालकाच्या हातात नसते, म्हणून मिश्रण बदलले असेल तर वहीत तशी नोंद करावी. जास्त ऑक्टेनचे महाग पेट्रोल मात्र ज्या इंजिनाला त्याची गरज नाही, त्यात भरून काही साधत नाही.

बिघाड ओळखणे

सर्व सवयी तशाच असताना आकडा अचानक घसरला, तर गाडीत दोष शोधावा. एअर फिल्टर बदलणे हा पहिला उपाय सांगितला जातो. फिल्टर वेळेवर बदलावाच, पण इंजेक्शनच्या गाड्यांत चोंदलेल्या फिल्टरने ॲव्हरेजपेक्षा पिकअप जास्त मार खातो. अधिक संशय घ्यावा तो सायलेन्सरकडे जाणाऱ्या धुरातला ऑक्सिजन मोजणाऱ्या ऑक्सिजन सेन्सरचा, उघडा अडकलेल्या आणि त्यामुळे इंजिन तापूच न देणाऱ्या थर्मोस्टॅटचा, चाकांच्या बिघडलेल्या अलाइनमेंटचा आणि चिकटणाऱ्या ब्रेकचा. चेक इंजिनचा दिवा लागला असेल, तर तो दुर्लक्षून ॲव्हरेजची तक्रार करण्यात अर्थ नाही.

माझ्या गाडीचे ॲव्हरेज एकदा दोन टाक्यांत दोनाने उतरले होते. ज्या गॅरेजमध्ये गाडी दाखवली, तिथे इंजिन ट्यूनिंग सुचवले गेले आणि बिलही झाले, पण आकडा तिथेच राहिला. एका संध्याकाळी घरी पोचताना शेवटच्या वळणांवर ब्रेक जवळजवळ न वापरता गाडी थांबवली आणि चारही रिमजवळ हात नेऊन पाहिला. तीन चाके कोमट होती. मागच्या डाव्या चाकाजवळ हात ठेववत नव्हता. हँडब्रेकची केबल गंजून ते चाक पूर्ण सुटत नव्हते. केबल बदलल्यावर तिसऱ्या टाकीला आकडा जागेवर आला. ही तपासणी करताना तापलेल्या धातूला हात लावू नये, दोन-तीन सेंटिमीटर अंतरावरूनच उष्णता कळते. शंका राहिल्यास सपाट, मोकळ्या जागी गाडी न्यूट्रलमध्ये ठेवून हँडब्रेक सोडावा आणि हाताने ढकलून पाहावी: एका माणसाच्या जोराने हॅचबॅक सहज सरकायला हवी.