काल्पनिक जगासाठी गूढ सुळका कसा उभा करायचा (सामान सगळं मुंबईतच आहे)

फँटसी कथा लिहिणारे किंवा मित्रांना जमवून टेबलटॉप गेम (टेबलाभोवती बसून प्रत्येकाने एक पात्र होऊन खेळायची गोष्ट) चालवणारे बरेच जण गूढ डोंगर करायचा म्हणजे त्याला निळा प्रकाश देतात, धुकं सोडतात, आत एक राक्षस बसवतात आणि झालं. वाचणाऱ्याला दोन पानांत कंटाळा येतो, कारण लिहिणाऱ्यालाच माहीत नसतं की हा डोंगर असा का आहे. माझं ठाम मत आहे की गूढ जागेचं खरं कारण आधी तुम्ही पक्कं ठरवायचं आणि मग ते लपवायचं. उलट्या क्रमाने केलं की पुढे गोष्ट फाटते.

सुरुवात खऱ्या दगडापासून करा. अंधेरी वेस्टला भवन्स कॉलेजजवळ गिल्बर्ट हिल आहे, सुमारे 61 मीटर उंच सरळसोट काळा बेसॉल्ट, वय साधारण 6.6 कोटी वर्षं, वर गावदेवीचं मंदिर आणि चारही बाजूंनी बिल्डिंगा. लाव्हा थंड होताना आकसतो, आकसताना तडकतो, आणि त्या तड्यांमुळे पाच-सहा बाजूंचे उभे खांब तयार होतात. एकदा खाली उभं राहून वर बघाच, खांब एकमेकांना चिकटून सरळ वर गेलेले दिसतात आणि मधल्या फटींतून झाडं उगवलेली असतात. माझ्या जगातला सुळका इथूनच घेतला, फक्त उचलून समुद्रात ठेवला, कोळ्यांच्या गावासमोर, आणि नाव दिलं गिळ्या.

आता जादू, आणि ती एकच ठेवा. गिळ्याचा नियम असा की ओहोटीला त्याच्याजवळ जे बोलाल ते तो गिळतो, अजिबात ऐकू येत नाही, आणि भरती चढली की तेच शब्द त्याच आवाजात परत बाहेर टाकतो. बस. दुसरी शक्ती द्यायची नाही, कितीही मोह झाला तरी, कारण एकाच नियमातून जेवढं निघतं तेवढं दहा नियमांतून निघत नाही.

नियमाला पाया हवा म्हणून मी बँडस्टँडच्या खडकांवर भरती चढताना बसून ऐकलं. पाणी फटीत शिरलं की आतली हवा आधी बाहेर फेकली जाते आणि भुक्क असा आवाज येतो, मग फेस, मग दगडावरचे बारीक खेकडे एकदम पळतात. म्हणजे गिळ्याच्या फटी खाली एका गुहेत उघडतात, पाणी आत आलं की कोंडलेली हवा वरून निघते आणि तिच्याबरोबर शब्द. हे कथेत कुणालाही सांगायचं नाही. पण तुम्हाला माहीत असलं की प्रत्येक प्रसंग आपोआप जुळतो.

वेळापत्रक तर आयतंच मिळतं. आपल्याकडे दिवसाला दोन भरत्या, दोन ओहोट्या, आणि भरती रोज साधारण 50 मिनिटं उशिरा येते. किनाऱ्यावरचा जुना हिशोब म्हणजे तिथीच्या आकड्याची पाऊणपट करायची, चतुर्थीला भरती तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या. पौर्णिमा-अमावास्येच्या आसपास उधाण आणि अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे भरती कमी चढते. (पावसाळ्यात साडेचार मीटरच्या वरच्या भरतीचे दिवस पेपरात येतात ती यादी कापून ठेवा, लय कामाची आहे.) आता हे गिळ्याला लावा. भांगाच्या दिवसांत पाणी वरच्या फटींपर्यंत पोचतच नाही, म्हणून तिथे बोललेलं आतच अडकून राहतं आणि पुढच्या उधाणाला सगळ्यांचं सगळं एकदम बाहेर येतं, भांडणं, उधारी, कुणी कुणाला दिलेला शब्द, सगळं गावासमोर. इथेच तुमची कथा आहे.

मग माणसं आणा, आणि यात घाई करू नका. अशा जागेजवळ पिढ्यान्पिढ्या राहणारे लोक तिला घाबरून बसत नाहीत, तिच्याशी जुळवून घेतात. गावातले कोळी त्याचं नाव घेत नाहीत, म्हातारा म्हणतात. ओहोटीला होडी जवळून न्यायची तर खुणांनी बोलतात. व्यापारी सौदा मुद्दाम तिथे करतो, साक्षीदार फुकट मिळतो म्हणून. एखादी आई मुलाला परदेशी पाठवण्याआधी त्याला अष्टमीला तिथे नेते, म्हणजे उधाणाला एकदा तरी आवाज ऐकू येईल. असे तीन-चार रिवाज लिहून काढा, कारण न सांगता.

कारण गावकऱ्यांना विचारलं तर प्रत्येकाने वेगळं द्यायचं. वाळकेश्वरचा बाणगंगा तलाव बघा, समुद्र एवढा जवळ आणि पाणी गोडं, कुणी रामाचा बाण सांगतो, कुणी जमिनीखालचा झरा, आणि दोन्ही उत्तरं तिथे सुखाने नांदतात. गिळ्याबद्दलही पुजारी एक सांगेल, नावाडी दुसरं, आणि प्रत्येकात खऱ्या कारणाचा एक तुकडा असू द्या. नावाड्याला गुहेचं तोंड माहीत असेल पण आवाजाशी त्याचा संबंध माहीत नसेल, असं.

पहिल्या प्रसंगात सुळक्याचं वर्णन चार ओळींच्या वर नेऊ नका. बाहेरचा कुणीतरी ओहोटीला होडीत बसून मोठ्याने काहीतरी विचारतो, त्याचाच आवाज त्याला येत नाही आणि नावाडी घाईघाईने त्याच्या तोंडावर हात ठेवतो. त्याने काय विचारलं ते मात्र त्याच दिवशी स्वतःसाठी लिहून ठेवा, उधाणाच्या प्रसंगात शब्दन् शब्द तोच लागणार आहे.