थंड पेयाच्या जुन्या कार्टून जाहिरातीचं रीळ: बुडबुडे वाचवून सफाई

इंटरव्हलला दाखवायची कार्टून जाहिरात मिनिटभराची असेल, तर 35 मिमीवर ती 90 फूट भरते. मडगाव-म्हापशाकडच्या एखाद्या बंद थिएटरात असा डबा सापडला, तर तो थेट प्रोजेक्टरवर चढवू नका. आधी फिल्मची कड वाचा. तिथे ‘सेफ्टी’ (म्हणजे सहज पेट न घेणारी फिल्म) छापलेलं नसेल आणि रीळ 1950च्या आसपासचं किंवा त्याआधीचं वाटत असेल, तर ते नायट्रेट, म्हणजे झटकन पेटणारी जुनी फिल्म, समजा. ते पाण्याखालीही जळत राहतं, तेव्हा घरात ठेवू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला विचारा.

सेफ्टी असेल तर वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबूस आला, तर रीळ बाकीच्यांपासून वेगळं करा. मग शंभर फ्रेम मोजून लांबी घ्या: 190 सेंमी भरायला हवी. 188.5च्या खाली गेली असेल तर फिल्म आक्रसलीय. स्प्रॉकेटचे, म्हणजे फिल्म ओढणाऱ्या चाकाचे, दात कडेची भोकं फाडतील, म्हणून बिनदात्यांच्या स्कॅनरवरच द्या.

बुरशीला पाणी लावू नका. तिने खाल्लेलं जिलेटिन पाण्यात विरघळतं आणि चित्रच निघून येतं. शक्यतो पावसाळा टाळा. एसीच्या खोलीतला डबा बाहेर आणल्यावर लगेच उघडलात, तर आपल्याकडच्या दमट हवेत फिल्मवर दव धरतं. डबा बाहेरच्या तापमानाला येईपर्यंत बंदच असू दे.

खरी गफलत स्कॅननंतर होते. धूळ काढणारा ऑटो फिल्टर एकाच फ्रेमपुरता दिसणारा ठिपका कचरा मानतो. सोड्याचे बुडबुडे दर फ्रेमला नव्या जागी काढलेले असले, तर तेही नेमके तसेच दिसतात. फिल्टर फिरला की पेय मेलेलं! बाटली-ग्लासच्या शॉटवर फिल्टर बंद ठेवा, हाताने पुसा. काळा ठिपका बहुधा प्रिंटवरच्या धुळीचा, पांढरा निगेटिव्हवरच्या. बरीच चित्रं मात्र दोन-दोन फ्रेम धरून शूट केलेली असतात, म्हणजे सेकंदाच्या 24 फ्रेमना 12 चित्रं. दोन्ही फ्रेममध्ये त्याच जागी दिसणारा डाग बहुधा सेलवरचा, म्हणजे चित्र रंगवलेल्या पारदर्शक शीटवरचा. तो कॅमेऱ्यासमोरच होता, त्याला हात लावू नये असं आमचं मत.

ईस्टमनकलर प्रिंट गुलाबी पडलेली असते, कारण तिच्यातला निळसर सायन रंग आधी उडतो. रंग जुळवताना जुनं बूच समोर धरू नका. चित्रकारांनी रंग आपल्या अंदाजाने घोटलेला असायचा. पात्राच्या डोळ्यांतलं पांढरं आणि शाईची काळी रेघ आधी बसवा. मूळ स्कॅनची प्रत न बदलता वेगळ्या ड्राइव्हवर ठेवा.