न्यूयॉर्कची रात्र किती गार? किमान तापमानाची शक्यता अशी काढा

प्रेडिक्शन मार्केटमध्ये, म्हणजे घटना घडेल की नाही यावर पैसे लावायच्या बाजारात, समजा ‘न्यूयॉर्कचे उद्याचे किमान तापमान 26 ते 27 अंश फॅरनहाइट’ हा करार 22 सेंटला मिळतोय. खरा ठरला तर 1 डॉलर, नाहीतर शून्य. म्हणजे बाजार 22 टक्के शक्यता धरतोय. ती पटते का, हे वही-पेन घेऊन तपासता येते.

आधी कराराचे नियम वाचा. निकाल बहुधा सेंट्रल पार्कमधल्या केंद्राच्या नोंदीवर, नॅशनल वेदर सर्व्हिस या अमेरिकेच्या हवामान खात्याच्या रोजच्या अहवालावरून लागतो. फोनमधल्या ॲपचा आकडा इथे कामाचा नाही. लाग्वार्डिया विमानतळाचाही नाही.

मग ‘दिवस’ कधी सुरू होतो ते बघा. माझ्या मते सगळ्यात जास्त चुका इथेच होतात. किमान तापमान म्हणजे पहाटेचे, असे आपण गृहीत धरतो. पण अहवालाचा दिवस मध्यरात्र ते मध्यरात्र असतो. पहाटे 34 अंश असले आणि संध्याकाळी उत्तरेकडून थंड हवा घुसून रात्री साडेअकराला 27 झाले, तर त्या दिवसाचे किमान 27. उन्हाळ्यात घड्याळे तासभर पुढे असतात, पण अहवाल प्रमाणवेळच धरतो. तेव्हा दिवस रात्री 1 ते 1 असा मोजावा लागतो. म्हणून पहाट आणि रात्र, दोन्हींचा अंदाज वेगवेगळा काढा.

आता मोजणी. मागच्या 30 दिवसांचा आदल्या संध्याकाळचा अंदाज आणि प्रत्यक्ष किमान शेजारी-शेजारी लिहा आणि फरक मोजा. समजा प्रत्यक्ष तापमान अंदाजापेक्षा 1 अंशाने खाली 6 वेळा गेले, 2 अंशांनी खाली 4 वेळा. आजचा अंदाज 28 असेल, तर 26-27 साठी हेच 10 दिवस मोजायचे. 30 पैकी 10, म्हणजे 33 टक्के; बाजाराच्या 22 पेक्षा जास्त. तीस दिवस तसे थोडेच आहेत; मागच्या हिवाळ्यांचे आकडे मिळाले तर तेही जोडा.

यानंतर आकाशाकडे बघा. ढग असले की जमिनीची ऊब अडते. आकाश निरभ्र, वारा पडलेला आणि जमिनीवर ताजा बर्फ असेल तर पारा भराभर उतरतो. मात्र तो दवबिंदूजवळ, म्हणजे हवेतले बाष्प साचू लागते त्या तापमानाजवळ, आला की बाष्प गोठताना उष्णता सुटते आणि घसरण मंदावते. वारा शांत असून दवबिंदू 27 वर टिकून असेल, तर 24 वर पैसे लावायला मी धजणार नाही.

दिवस सुरू झाल्यावर एक गोष्ट पक्की असते: आतापर्यंतच्या नीचांकाच्या वर अंतिम आकडा जाऊ शकत नाही. फक्त दर पाच मिनिटांच्या नोंदी पूर्ण अंश सेल्सिअसमध्ये येतात, हे विसरू नका. उणे 4 दिसले तर खरे तापमान 24 फॅरनहाइट होते की 25, ते त्यावरून कळत नाही.

भारतात पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर 2025 च्या कायद्याने बंदी आहे. इथे सराव वहीतच करा, पुण्याच्या शिवाजीनगरचे किमान घेऊन. आपले हवामान खाते मात्र सकाळी साडेआठपर्यंतचे 24 तास धरते, त्यामुळे रात्री उशिराचा गारठा दुसऱ्या दिवशीच्या खात्यात जातो.